भिंतीला कान लावून

जेवणाच्या टेबलावर एक अख्खा पाव ठेवलेला आहे आणि त्यात सुरी खोचलेली आहे. कुणी हात लावत नाही, तरी ती सुरी सटकते आणि टेबलावर पडते. जिन्याच्या पायरीवर टेलिफोनचा रिसीव्हर काढून ठेवलाय. वरच्या खोलीत ग्रामोफोनची तबकडी फिरतेच आहे. घरात शिरलेली बाई हे सगळं बघते, खिडकीजवळच्या खुर्चीत बसते आणि तिचा डोळा लागतो. मग तीच बाई पुन्हा त्याच रस्त्यानं येते, तोच जिना चढते, तेच घर पुन्हा बघते. आणि पुन्हा. दर खेपेला वस्तूंच्या जागा थोड्या बदललेल्या असतात.

माया डेरेन आणि तिचा नवरा अलेक्झांडर हामिद यांनी १९४३ साली लॉस एंजेलिसमधल्या स्वतःच्या राहत्या घरात काढलेला ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा तो लघुपट. लांबी जेमतेम चौदा मिनिटं. संवाद नाहीत, मुळात तर आवाजच नव्हता. त्यावरचं तेइजी इतोचं संगीत १९५९ साली जोडलं गेलं. मुख्य भूमिका डेरेननं स्वतः केली. चेहऱ्याच्या जागी आरसा असलेली, काळ्या वस्त्रातली एक आकृतीही यात आहे, पण माझ्या मते प्रेक्षक त्या आकृतीला कमी घाबरतो आणि सुरीला जास्त. आरशाच्या चेहऱ्याचं माणूस आपण कुठं पाहिलेलं असतं? सुरी मात्र रोज सकाळी हातात असते.

या लघुपटातली एक जागा सिनेमा शिकणाऱ्या प्रत्येकाला दाखवतात. बाई सुरी घेऊन टेबलावरून उठते आणि खुर्चीकडे निघते. पहिलं पाऊल पडतं वाळूत, पुढचं गवतात, मग फरसबंदीवर आणि मग घरातल्या गालिच्यावर. खोलीतल्या खोलीत चार पावलांचं अंतर, पण ते चालायला तिला समुद्रापासून यावं लागतं. त्यासाठी कुठलीही महागडी युक्ती वापरलेली नाही. पाऊल उचलताना एक तुकडा तोडला आणि पाऊल टेकताना दुसऱ्या जागेचा तुकडा जोडला, एवढंच. नेहमीचा चित्रपट जोडकाम लपवतो. डेरेननं ते उघडं ठेवलं, आणि घरातल्या घरात माणूस किती लांब गेलेलं असू शकतं हे त्यातून कळलं.

प्रायोगिक लघुपट म्हणजे न समजणारा लघुपट अशी आपल्याकडे समजूत आहे आणि ती बरीचशी प्रायोगिक म्हणवणाऱ्यांनीच करून दिली आहे. खरं तर गोष्ट साधी आहे. कथापट विचारतो, पुढं काय झालं? प्रायोगिक लघुपट विचारतो, हे होत असताना कसं वाटत होतं? ज्या विषयांत पुढं काही होतच नाही, तिथं पहिला प्रश्न निरुपयोगी ठरतो. घरातली अस्वस्थता हा नेमका तसा विषय. कुणी कुणाला मारलेलं नसतं, कुणी घर सोडून गेलेलं नसतं, ताटं वेळेवर वाढली जातात. आणि तरी कुणाचाच जीव थाऱ्यावर नसतो. याची गोष्ट सांगायला गेलं की एक तर खलनायक आणावा लागतो नाहीतर भूत. दोन्ही आल्याबरोबर अस्वस्थता संपते, कारण तिचं कारण सापडलेलं असतं.

शांताल अकरमान या बेल्जियन दिग्दर्शिकेनं १९६८ साली, अठराव्या वर्षी, तेरा मिनिटांचा पहिला लघुपट केला. ‘सोत मा व्हिल’ असं त्याचं नाव. एक मुलगी गुणगुणत स्वयंपाकघरात शिरते, खाते, फरशी पुसते, बूट पॉलिश करता करता स्वतःच्या पायांनाच पॉलिश चोपडायला लागते. दाराच्या फटी चिकटपट्टीनं बंद करते. शेवटी पडदा काळा होतो आणि स्फोटाचा फक्त आवाज येतो. त्यानंतर सात वर्षांनी अकरमाननं ‘जान दिलमान’ हा २०१ मिनिटांचा चित्रपट केला. त्यात एका विधवेचे तीन दिवस आहेत: बटाटे सोलणं, अंथरूण घालणं, दिवा लावणं, दिवा मालवणं. दुसऱ्या दिवशी बटाटे जास्त शिजतात, आणि प्रेक्षकाच्या पोटात गोळा येतो. तासभर तिचं घड्याळासारखं काम पाहिलेल्या माणसालाच ही चूक कळते. हीच या चित्रपटाची सगळी यंत्रणा. २०२२ साली ‘साइट अँड साउंड’ या ब्रिटिश मासिकाच्या जगभरच्या समीक्षकांच्या मतदानात तो सर्वकाळचा सर्वोत्तम चित्रपट ठरला.

आपल्याकडे हे किती लवकर सुरू झालं होतं याची नोंद मात्र कमी घेतली जाते. चित्रकार अकबर पदमसी यांनी नेहरू पाठ्यवृत्तीच्या पैशातून १९६९ साली मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केली. चित्रकार, छायाचित्रकार, चित्रपटवाले यांनी एकत्र येऊन कॅमेऱ्याशी खेळावं अशी ती जागा. जे. जे. कला महाविद्यालयातून नुकत्याच बाहेर पडलेल्या नलिनी मालानी तिथं आल्या आणि त्याच वर्षी त्यांनी १६ मिलिमीटरच्या फिल्मवर दोन छोटे लघुपट केले. ‘स्टिल लाइफ’मध्ये खोलीतल्या वस्तूंवरून कॅमेरा फिरतो, वस्तू आहेत, माणूस नाही. ‘ओनॅनिझम’मध्ये अंथरुणावर तळमळणारी एक तरुणी आहे. दोन्ही चार मिनिटांच्या आतले. मध्यमवर्गीय घराची बंद खोली आणि तिच्यातल्या बाईचं शरीर हा विषय त्या वेळी मुंबईच्या चित्रपटात गाण्याशिवाय येत नव्हता. मालानींनी तो गाण्याशिवाय, संवादाशिवाय आणि कुठलाही निष्कर्ष न काढता मांडला.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून पुढं याच वाटेनं काही चांगली कामं आली. उमेश कुलकर्णी यांच्या विद्यार्थिदशेतल्या ‘गिरणी’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पोट भरण्यासाठी आई घरात पिठाची गिरणी घेते आणि तिच्या घरघरीत एका लहान मुलाचं जग बदलतं. आवाज हेच यातलं मुख्य पात्र. पायल कपाडिया यांचा ‘आफ्टरनून क्लाउड्स’ २०१७ साली कान महोत्सवाच्या विद्यार्थी विभागात निवडला गेला. साठीची एक विधवा काकी आणि तिच्याकडं काम करणारी नेपाळी मुलगी, एक फ्लॅट, एक दुपार, दोन दिवस टिकणारं एक फूल. काकीचं काम उषा नाईक यांनी केलंय. तमाशापटांत त्यांना पाहिलेल्या प्रेक्षकानं त्यांचं हे गप्प बसणं मुद्दाम पाहावं. याच कपाडियांच्या २०२४ साली कानला ग्राँ प्री मिळवणाऱ्या चित्रपटात परदेशी राहणाऱ्या नवऱ्याकडून बायकोला काही चिठ्ठी न येता भात शिजवायचा एक नवा कुकर येतो. एवढ्या एका वस्तूनं ते घर जे अस्वस्थ होतं, ते पानभर संवादांनी झालं नसतं.

सतीश मनवर यांचा ‘गाभ्रीचा पाऊस’ (२००९) लघुपट नाही आणि प्रायोगिकही नाही, तरी तो इथं घ्यायला हवा. विदर्भातलं शेतकऱ्याचं घर. शेजारच्या शेतकऱ्यानं आत्महत्या केलीय आणि आता या घरातली अलका नवऱ्यावर सतत नजर ठेवून आहे. तो शेतात निघाला की मुलाला मागं पाठवते. किसनाला बिचाऱ्याला आपल्याला एवढं का जपलं जातंय हेच कळत नाही. घरातलं प्रेम आणि घरातली पाळत यांतला फरक पुसला गेला की काय होतं, ते सोनाली कुलकर्णी आणि गिरीश कुलकर्णी यांनी हसत-खेळत दाखवलंय, आणि म्हणून ते जास्त लागतं.

आता नांदेड-लातूरकडं वळू. या दोन जिल्ह्यांत घराची धास्ती हा कल्पनेचा विषय नाही.

३० सप्टेंबर १९९३. गणेश विसर्जनाची रात्र आटोपून माणसं झोपली होती. पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारी परिसरात ६.२ तीव्रतेचा भूकंप झाला आणि लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांत मिळून दहा हजारांच्या आसपास माणसं गेली. एवढ्या तीव्रतेच्या भूकंपात एवढी माणसं जायचं कारण जमिनीपेक्षा घरात होतं. दोन-अडीच फूट जाडीच्या दगडी भिंती, दगडांना धरून ठेवायला चुना नाही तर माती, वर लाकडी खणांवर मातीचं जड माळवद. उन्हाळ्यात गार, थंडीत उबदार, चोरापासून निर्धास्त. जेवढं घर खातंपितं तेवढ्या भिंती जाड आणि माळवद जड. पहाटे हेच सगळं झोपलेल्या माणसांवर आलं. कुडाच्या भिंतींची आणि गवती छपराची झोपडी हलली, डुलली, बऱ्याच ठिकाणी उभी राहिली. ज्या भिंतीच्या भरवशावर बापजाद्यांनी पाठ टेकली तीच भिंत उलटली, आणि ज्याला भिंतच परवडत नव्हती तो वाचला. याहून भीषण कल्पना कुठल्या पटकथाकाराला सुचणार होती?

पुढं बावन्न गावं नव्या जागी वसवली गेली. घरं जमिनीच्या मालकीप्रमाणं २५०, ४५० आणि ७५० चौरस फुटांची मिळाली. सरळ रेषेतले रस्ते, एकसारखी घरं, मधे मोकळी जागा. अभियंत्यांच्या दृष्टीनं ती सुरक्षित होती, आणि आहेतही. पण जुन्या गावात भिंतीला भिंत लागून होती; शेजारच्या घरात भाकरी थापली की इकडं ऐकू यायचं, म्हातारा खोकला की कळायचं, अजून आहे. नव्या गावात ते ऐकू येईना. कितीतरी कुटुंबं पक्क्या घराला कुलूप लावून पुढच्या पत्र्याच्या शेडमध्ये झोपत राहिली. घर सुरक्षित आहे हे डोक्याला पटलेलं, पाठीला न पटलेलं. डेरेनच्या चार पावलांइतकंच हे अंतर होतं, शेडपासून दारापर्यंतचं.

आणि जमीन गप्प बसलेली नाही. २००६ नंतरची काही वर्षं खुद्द नांदेड शहरात बारीक धक्के बसत होते आणि त्यांच्यासोबत जमिनीतून आवाज येत होते. स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठातल्या भूशास्त्रज्ञांनी त्यांचा अभ्यास केला. २०२२ च्या सप्टेंबरात निलंगा तालुक्यातल्या हासोरीत तेच झालं. माणसं घराबाहेर झोपू लागली. शेजारच्या हिंगोली जिल्ह्यातलं पांगरा शिंदे तर अशा आवाजांसाठीच ओळखलं जातं. २१ मार्च २०२४ च्या सकाळी सहा वाजून गेल्यावर ४.५ तीव्रतेचा आणि दहाएक मिनिटांनी ३.६ तीव्रतेचा असे दोन धक्के हिंगोलीकडून आले आणि नांदेडची माणसं अंथरुणातून रस्त्यावर आली.

वर्तमानपत्रं याला ‘गूढ आवाज’ म्हणतात. गूढ त्यात फारसं काही नाही. बारीक भूकंपाचं केंद्र जमिनीखाली अगदी जवळ असेल तर त्याच्या पहिल्या वेगवान लहरींचा काही भाग पृष्ठभागावर येऊन हवेत उतरतो आणि आवाज म्हणून कानावर पडतो. आपल्याकडचा काळा पाषाण कठीण असल्यामुळं या लहरी वाटेत फारशा विरत नाहीत. म्हणून मांडणीवरचं भांडंही हलू नये एवढा धक्का, आणि आवाज मात्र दूर कुठंतरी सुरुंग उडाल्यासारखा. शास्त्र कळलं तरी रात्री अडीच वाजता तो आवाज आला की काळजात धस्स व्हायचं ते होतंच, कारण प्रश्न आवाज कशाचा हा नसतो; यानंतर काय, हा असतो.

चित्रपटाच्या भाषेत याला चौकटीबाहेरचा आवाज म्हणतात. पडद्यावर बाई निवांत ज्वारी निवडतेय आणि आवाज अशा जागेवरून येतोय जी आपल्याला दिसत नाही. डोळा एका जागी अडकलेला असतो, कान दुसरीकडं लागलेला असतो. अस्वस्थता तयार करायचं याहून स्वस्त आणि याहून खात्रीचं साधन चित्रपटाकडं नाही. मराठवाड्यातल्या माणसाला ते शिकवावं लागू नये. धरणीकंपानंतरची एक अख्खी पिढी पंख्याच्या घरघरीखाली दुसरा काही आवाज आहे का ते ऐकत झोपलेली आहे.

दुसरा आवाज टँकरचा. २०१६ च्या उन्हाळ्यात धनेगावचं मांजरा धरण कोरडं पडलं होतं, लातूरच्या नळांना पाणी नव्हतं, आणि पाणी भरण्याच्या ठिकाणी भांडणं होऊ नयेत म्हणून मार्चमध्ये जमावबंदी लावावी लागली. १२ एप्रिलला मिरजेहून दहा वाघिणींमधून पाच लाख लिटर पाणी घेऊन पहिली रेल्वे आली. ‘जलदूत’ हे तिचं नाव सगळ्यांना आठवतं, छायाचित्रंही आठवतात. पण छायाचित्रात घराच्या आतलं आलं नाही. टँकर किती वाजता येईल याचा नेम नाही म्हणून घरात सतत कुणीतरी थांबायचं. गल्लीत इंजिनाचा आवाज आला की हातातलं टाकून बाहेर धावायचं. पिंपात किती उरलंय ते बघायला झाकण उचलायचं आणि पुन्हा ठेवायचं. पाहुणा आला की आधी त्याच्या आंघोळीचा हिशेब. घागर, हंडा, बादली, भगुनं, मुलांच्या पाण्याच्या बाटल्यासुद्धा भरून ठेवलेल्या. चालायला जागा नाही. नांदेड जिल्ह्यातल्या नागदरवाडीच्या हनुमंत केंद्रे यांच्या खऱ्या आयुष्यावर आदिनाथ कोठारे यांनी ‘पाणी’ हा चित्रपट केला; गावात पाणी नाही म्हणून तरुणाचं लग्न ठरत नाही, इथून तो सुरू होतो. तो चित्रपट मार्ग काढणाऱ्या माणसाचा आहे, आणि तसा असायलाही हवा. पण पिंपाचं झाकण दिवसातून पंधरा वेळा उचलणाऱ्या बाईची दहा मिनिटं अजून वेगळी आहेत, आणि ती कथापटात मावत नाहीत.

आणि एक खोली शिकवणीच्या गावातली. ‘लातूर पॅटर्न’चं नाव झालं तसे आजूबाजूच्या जिल्ह्यांतले आईबाप मुलाला घेऊन लातूरला, आणि आता नांदेडलाही, खोली करून राहायला लागले. बहुतेक वेळा आई मुलासोबत येते, बाप गावाकडं शेती नाहीतर नोकरी सांभाळतो. दहा बाय बाराच्या खोलीत एक पलंग, एक टेबल, एक गॅस. मुलगा अभ्यास करतो तेव्हा आईनं काय करायचं? कुकरची शिट्टी होऊ नये म्हणून ती गॅस बारीक करते. फोन आला तर गॅलरीत जाऊन कुजबुजते. मोबाइलवर मालिका बघते ती आवाज बंद करून. दोन वर्षं एक बाई आवाज न करता जगते, आणि ते प्रेमापोटी आहे याबद्दल घरात कुणालाच शंका नाही. अकरमानच्या बटाट्यांना तोडीस तोड असा हा विषय आहे. यात कुणी दुष्ट नाही, हे तर जास्तच चांगलं.

वाङ्मयात ही वाट आपल्याकडं अनोळखी नाही. २०२२ साली उदगीरला झालेल्या ९५ व्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष भारत सासणे जालन्याचे. ओळखीच्या घरात, ओळखीच्या माणसांत हळूहळू काहीतरी अनोळखी शिरत जावं हे त्यांच्या कथांत कितीदा घडतं. मराठवाड्यातल्या लघुपट करणाऱ्या तरुणांनी जागतिक चित्रपट जरूर बघावेत, पण सासणेही वाचावेत.

अडचण आहे ती स्पर्धांची. आपल्याकडं लघुपट स्पर्धा म्हटली की सामाजिक संदेश आला. हुंडा, व्यसन, बेटी बचाव, पाणी वाचवा. शेवटच्या मिनिटाला पांढऱ्या अक्षरांत आकडेवारी, खाली बासरी. परीक्षक विचारतात, यातून काय सांगायचंय? हा प्रश्न विचारला की घरातल्या अस्वस्थतेचा लघुपट तिथंच मेला. आवाज न करता जगणाऱ्या त्या आईचा लघुपट करून शेवटी ‘मुलांवर दडपण आणू नका’ असं लिहिलं, तर प्रेक्षकाला सुटका मिळते: तो मान डोलावतो आणि चहा प्यायला जातो. लिहिलं नाही, तर ती खोली त्याच्यासोबत घरी जाते. संदेशाचा लघुपट वाईट असतो असं नव्हे. त्याचं काम वेगळं आहे आणि त्याला दुसरे विषय पुष्कळ आहेत.

साधनांची सबब मात्र आता चालणार नाही. डेरेनकडं हातात मावणारा १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि राहतं घर होतं. तुमच्या खिशात त्याहून सरस कॅमेरा आहे. तो स्टँडवर लावा आणि हलवू नका. हलणारा कॅमेरा प्रेक्षकाला कुठं बघायचं ते सांगतो, स्थिर कॅमेरा त्याला एकटा सोडतो. उजेडाचं प्रमाण एकदा ठरवून पक्कं करा, नाहीतर मोबाइल स्वतःच्या मनानं चित्र उजळत-अंधारवत राहील. एक काम पूर्ण होईपर्यंत तुकडा तोडू नका, मग ते दूध तापवणं का असेना. पार्श्वसंगीत घालू नका. आणि घरातल्या माणसांना आधी विचारा. त्यांच्या नकळत टिपलेली अस्वस्थता ही चोरी आहे.

आवाज वेगळा टिपा. प्रत्येक खोलीत कुणीही न बोलता निदान एक मिनिट नुसती शांतता ध्वनिमुद्रित करा. रिकाम्या खोलीलाही आवाज असतो, आणि स्वयंपाकघराचा आवाज देवघराच्या आवाजासारखा नसतो. जोडकाम करताना हे मिनिट सोन्याचं ठरतं. शक्य असेल तर हे काम किल्लारी, हासोरी, पांगरा शिंदेकडच्या घरांतून सुरू करा. १९९३ च्या भूकंपाच्या रात्री विशीत असलेली माणसं आज पन्नाशी ओलांडून गेलीत. माळवदाच्या घरात रात्री काय काय ऐकू यायचं, हे त्यांना अजून सांगता येतं. कॅमेरा नंतर लावा, आधी त्यांच्याकडं जाऊन बसा.